टर्की पप्पाच कापणार

नाताळच्या आदल्या दुपारी मी जरा पाठ टेकते. झोपायचं नाही असं ठरवून. भिंतीपलीकडून फ्रिजची घरघर ऐकू येते आहे आणि त्या फ्रिजमध्ये टर्की आहे, अख्खी, कालच भाजून आणलेली. बेकरीवाला पेद्रू चोवीस तारखेला भट्टीत केकशिवाय काही घेत नाही. म्हणून वसईकडच्या आमच्या गावात बदक असो की टर्की, तेवीस तारखेलाच बेकरीत भाजली जाते आणि चोवीसला चर्चमधल्या रात्रीच्या मिस्सानंतर घरी गरम होते. भाजण्याची मला काळजी नव्हती, ते पेद्रूचं काम. काळजी गरम करण्याची आहे. एवढा मोठा पक्षी अख्खा गॅसवर ठेवला तर बाहेरून सुकून लाकूड होतो आणि आत थंडच राहतो, हे मला कळतं. आई त्यावर काय करायची, ते मात्र माहीत नाही. ती यंदा ईस्टरआधीच्या उपवासकाळात गेली. विचारायचं राहिलं.

आणि ही टर्की पप्पा कापणार आहेत. दर वर्षी तेच कापत आले. टेबलाच्या टोकाला उभं राहून, कोट घालून. त्यांची सुरी पावात शिरावी तशी शिरायची आणि सगळे म्हणायचे, इनासचा हात म्हणजे हात. पण पावसाळ्यात त्यांना अर्धांगाचा झटका आला, आणि त्यांचा उजवा हात अजून धड वळत नाही.

माझा भाऊ आन्सेल बंगळुरूहून आला आहे. त्याने एका वृद्धाश्रमात पप्पांचं नाव घालून ठेवलं आहे. सकाळी चहा पिताना तो हे त्यांच्यासमोरच बोलत होता, ते दुसऱ्या खोलीत असावेत तसा. त्यांना चमचा धरता येत नाही, तू अशी किती दिवस रजा काढणार, घर बंद केलेलं बरं. पप्पांनी बशी खाली ठेवली. आज टर्की मी कापतो, म्हणाले, मग काय ते बोलू. आन्सेल हसून म्हणाला, ठरलं. सगळ्यांसमोर सुरी अडकली, तर पप्पा स्वतःच आपली बॅग भरतील.

घरघर थांबते.

फ्रिजचं दार उघडं आहे आणि आई आत वाकून पाहते आहे. अंगात घरातला फुलाफुलांचा गाउन. केस ओले. हाताच्या पाठीवर हॉस्पिटलातली चिकटपट्टी अजून तशीच आहे.

"अख्खीच ठेवलीस?" ती मागे न वळता विचारते.

मी म्हणते, पप्पांना कापायची आहे ना.

"त्यांनाच कापायची आहे," ती म्हणते. "म्हणून तर."

ती ट्रे काढून माझ्या हातात देते. तो इतका गार आहे की बोटं दुखतात. मी स्वयंपाकघरातून बाहेर पडते आणि पाऊल बेकरीत पडतं. भट्टीचं तोंड लाल आहे, पण त्यातून ऊब येत नाही. फडक्यात बांधलेली पातेली घेऊन बायका रांगेत उभ्या आहेत. सगळ्या ओळखीच्या आहेत, आणि त्यांतली एकही आता गावात राहत नाही. कातरिनमावशी मला वरपासून खालपर्यंत न्याहाळते आणि शेजारणीला सांगते, मार्थाची लेक दिसतेय, टर्की कशी धरलीय बघ, बारशाला निघाल्यासारखी. बायका हसतात. मलाही हसू येतं, पण ट्रे जड होत चालला आहे. रांग पुढे सरकत नाही. मी आईला शोधते.

घंटा वाजते. मिस्साची पहिली घंटा.

भट्टीच्या जागी आता चर्चचा मधला रस्ता आहे. दोन्हीकडच्या बाकांवर माणसं मांडीवर रिकामी ताटं घेऊन बसली आहेत. पुढे, वेदीच्या जागी, आमचं जेवणाचं टेबल. त्यामागे पप्पा कोट घालून उभे आहेत. त्यांच्या उजव्या हातात सुरी आहे आणि तिचं टोक थरथरतं आहे. पहिल्या बाकावर आन्सेल घड्याळ बघतो आहे. सगळे माझ्याकडे बघतात, कारण टर्की माझ्या हातात आहे.

मी पाऊल उचलते, तेवढ्यात कोणीतरी माझा झगा खाली ओढतं. आई बाकांच्या मधे गुडघे टेकून बसली आहे.

"खाली बस. अजून मिस्सा संपली नाही."

मी तिच्याशेजारी गुडघे टेकते. समोर गुडघे टेकायची फळी नाही, आमच्या ओट्याचा काळा दगड आहे. आईने त्यावर कापायचा पाट ठेवला आहे. ती टर्कीच्या छातीवरून तळहात फिरवते, तापातल्या माणसाचं अंग बघतात तसा.

"छान गार झालीय. गार असतानाच कापायची. गरम मांस तुटतं, गार मांसाचे काप पडतात."

मी कुजबुजते, म्हणजे तू आधीच कापायचीस?

ती बोटं कातडीखाली सरकवते आणि सगळी कातडी एका तुकड्यात सोडवून बाजूला ठेवते, उशीचा अभ्रा काढावा तशी. मग छातीच्या मधल्या हाडापाशी सुरी लावून एकेक बाजू अख्खी उचलते, तिचे काप करते, आणि सगळे काप परत हाडांवर रचते, जिथले तिथे. मानेचं आणि पंखांचं सूप वरून पळीपळीने सोडायचं, ती सांगते. मग कातडी पांघरायची. वर केळीचं पान, झाकण, आणि खाली अगदी बारीक आच. चर्चला जाताना बंद करायची, आल्यावर परत लावायची, पार हाडापर्यंत वाफ येऊ द्यायची. टेबलावर आणली की कोणाला कळत नाही.

दुसरी घंटा होते. पप्पांच्या सुरीचा टेबलावर टकटक आवाज येऊ लागतो.

"तू त्यांना फसवत होतीस," मी म्हणते. माझा आवाज मला वाटला त्यापेक्षा मोठा निघतो. पुढच्या बाकावरचं एक डोकं किंचित वळतं.

"फसवायचं काय त्यात? लग्नानंतरच्या पहिल्या नाताळला त्यांनी टर्की खरंच कापली. तंगडी उडून माझ्या सासऱ्यांच्या मांडीवर पडली." ती हसू दाबते. "त्या रात्री ते जेवलेच नाहीत. पुढच्या वर्षी मी हे सुरू केलं."

"आणि त्यांना कळलं नाही?"

"मी कधी विचारलं नाही, बाय. ते कधी बोलले नाहीत."

मी म्हणते, मला हे जमणार नाही, मी कातडी फाडीन. ती माझ्याकडे पहिल्यांदा नीट बघते. चेहरा आजारपणाआधीचा आहे. मला आता टर्कीचं काहीच विचारायचं नाही, दुसरंच विचारायचं आहे. पण बाकांवरची माणसं उठून उभी राहतात, ताटं एकमेकांवर आपटतात, आन्सेल टेबलाकडे निघतो. पप्पा सुरी उचलतात.

"सुरीकडे नको बघू," आई म्हणते आणि माझं मनगट घट्ट धरते. "बोटाने हाड शोध. तिथून सुरू कर."

मी हाड शोधते. ते सापडतं.

खोलीत दुपारचं तिरकं ऊन आहे. फ्रिज घरघरतो आहे. मी किती वेळ झोपले कोण जाणे, गालावर उशीची घडी पडली आहे. मनगटावर काहीतरी ओढल्यासारखं वाटतं म्हणून हात उन्हात धरते. चार बोटांचे ठसे आहेत, तुपकट, चरबी गोठून पांढरे झालेले. आतल्या बाजूला अंगठ्याचा एक. कालपासून मी टर्कीला हात लावलेला नाही. पेद्रूने ती कागदात बांधून दिली आणि पप्पांनी डाव्या हाताने फ्रिजमध्ये सरकवली.

मी उठून स्वयंपाकघरात जाते. पाट घेते, सुरी घेते, कागद सोडवते. कातडी अख्खी आहे, कोणी उचललेली नाही. तिच्याखाली बोटं घालते आणि तेवढ्यात काठीचा आवाज येतो.

पप्पा दारात उभे आहेत. पाट बघतात, सुरी बघतात. मग त्यांची नजर माझ्या मनगटावर येते आणि तिथे बराच वेळ राहते. डावा हात लांब करून ते दार अर्धं ओढून घेतात.

"आतून कडी लाव," ते हळूच म्हणतात. "तुझी आई लावायची."

दारामागून काठी बाहेरच्या खोलीकडे जाते. आन्सेलला हाक मारून ते त्याला बर्फ आणायला बाजारात पिटाळतात. चांगली मोठी लादी आण, म्हणतात, आणि सावकाश ये.

मी हात धूत नाही. तसाच पुढे करून कडी लावते.