मांडीवरचा ठेका

बहात्तर-त्र्याहत्तर सालची गोष्ट. सोलापुरात आमच्या घरी हातमाग होता. एक माणूस चावी भरून चालणारा सिनेमाचा कॅमेरा घेऊन आठ दिवस रोज यायचा. त्याच्या सिनेमात नट नव्हते, गोष्टही नव्हती. नुसता मागावर सूत घेऊन इकडून तिकडं पळणारा धोटा, नाहीतर भिंतीवर सरकणारं ऊन. नाव त्यानं सांगितलं असेल, आमच्या लक्षात राहिलं नाही. चित्र घेऊन झालं, की तो डोळे मिटून मागाच्या आवाजावर स्वतःच्या मांडीवर बोटांनी ठेका धरायचा आणि नाही म्हणून मान हलवायचा.

शेवटी वडिलांनी विचारलं, "काय हुडकताय?"

"माझी आई माग चालवायची. लहानपणी तिच्या मांडीवर झोपून ऐकलेला ठेका शोधतोय."

वडिलांनी माग थांबवला. "मांडीवर पोर घिऊन माग चालत न्हाई. दोनी पाय लागतात की. तुमची आई रहाटावर कांड्या भरत आसंल."

तो मागं वळला. आठही दिवस त्याच्या पाठीमागंच माझी आई रहाट फिरवत सुताच्या कांड्या भरत होती. धाकटी बहीण तिच्या मांडीवर झोपली होती.

त्यानं कॅमेरा खाली ठेवला, जमिनीवर बसून डोळे मिटले. बोटं मांडीवर चालू लागली. या वेळी मान हलली नाही.