मोजणीच्या दिवशीचा म्हसोबा

कोर्टाचा निकाल हातात आला की जमीनही हातात येते, अशी माझी भाबडी समजूत होती. निकाल आमच्या बाजूने लागला आणि त्याच आठवड्यात शेजाऱ्याने त्या वादाच्या पट्ट्यात खुशाल आपलं शेणखत टाकलं. बेडशाच्या डोंगराखाली आमचं भाताचं खाचर आहे. हा पट्टा त्याच्या वरच्या अंगाचा; ओढ्याचं पाणी तिथूनच आत येतं. शेजारी दरसाल नांगराने बांध कोरत गेला आणि पट्टा त्याच्याकडे गेला. पाणी त्याच्या मर्जीवर, म्हणजे आमची लावणीही त्याच्या मर्जीवर. आई म्हणायची, "पानी मागाया मी त्याच्या दारात परत जायाची न्हाई."

मग निकालाच्या अंमलबजावणीसाठी कोर्टात पुन्हा दरखास्त. मी लोणावळ्यात एका हॉटेलच्या काउंटरवर बसते; चिडलेल्या पाहुण्यांशी गोड बोलण्याचा पगार घेते. ते सगळं कसब मी वडगावच्या कचेऱ्यांत वापरलं. साहेब रजेवर, मोजणीचं मशीन दुसऱ्या गावात, पोलीस निवडणुकीच्या बंदोबस्ताला. सरकारी काम अन् सहा महिने थांब ही म्हण ज्याने केली, तो फारच आशावादी असावा. दर सुट्टीच्या दिवशी मी जाऊन समोर बसायचे. शेवटी शेवटी मला पाहून शिपाईच आत सांगायचा, "आल्या."

वैशाखात मोजणीची तारीख मिळाली. मोजणीदार, कोर्टाचा बेलीफ, पोलीस, सगळे आले. शेतावर पोचलो तर शेजाऱ्याने सरकवलेल्या बांधाच्या मधोमध एक दगड शेंदराने माखून उभा. पुढ्यात नारळ, उदबत्ती.

"म्हसोबा हाय आमचा," शेजारी म्हणाला. "वाडवडलांपास्नं." शेंदूर अजून त्याच्या बोटांना होता.

डाव मला लगेच कळला. आमच्या घराने छप्पन साली धम्म घेतला. तेव्हापासून घरात देव नाही. आम्ही त्या दगडाला हात लावला असता, तर भांडण जमिनीचं राहिलंच नसतं. सगळा गाव एकीकडे आणि आमचं घर एकीकडे झालं असतं. माझं डोकं फिरलं. मी पुढे झाले, तर आईने दंड धरला.

मोजणीदाराने मशीनने हद्द काढली. ती दगडाच्या पुष्कळ पलीकडे, शेजाऱ्याच्या अंगाला निघाली. फक्कीची पांढरी रेघ पडली. आता तिथे नवा बांध घालायचा आणि हा खोटा बांध फोडायचा. पण मजूर कुदळी टेकून उभे. "ताई, देवाला कुदळ कशी लावायची?"

मोजणीदारही घुटमळला. "वाद नोंदवून पुढची तारीख घेऊ या का?"

पुढची तारीख! मला रडूच फुटायचं बाकी होतं.

"कशापायी?" आई म्हणाली. "देवाला कोन हालवतंय? ऱ्हाऊ द्या हितंच, आमच्या वावरात. भाऊ, तुमी नारळ फोडाया कवाबी या, वाट देऊ. पन बांध फक्कीवरच पडंल."

आता पेच शेजाऱ्याला. नको म्हणावं तर देव खोटा ठरतो, बरं म्हणावं तर पट्टा जातो. मजुरांनी दगडाच्या दोन्ही बाजूंनी बांध फोडला, हद्दीचे दगड रोवले आणि आईने ताब्याच्या पंचनाम्यावर सही केली.

आषाढात ओढ्याचं पाणी आम्ही आमच्या हाताने खाचरात घेतलं. लावणी करताना आईने त्या दगडाभोवती जागा सोडली. मी कुरकुरले, "तिथंही चार रोपं बसतील की." ती म्हणाली, "बोललेय मी." शेजारी फिरकला नव्हता, फिरकणारही नाही, हे मला ठाऊक होतं.

अमावास्येला त्याची बायको आली, हातात नारळ घेऊन. नवरा खोटा असेल, पण शेंदूर लावलेल्या दगडाला उपाशी ठेवायची तिची छाती नव्हती. याच पट्ट्यातून ती इतकी वर्षं मालकिणीसारखी फिरायची. त्या दिवशी नव्या बांधावर थांबली, चपला काढल्या आणि खालच्या आवाजात म्हणाली, "मावशी, आत यिऊ का?"

आईने हातातली रोपं खाली ठेवली. कोर्टात निकाल वाचला तेव्हाही तिचे डोळे भरले नव्हते.

"ये की," ती म्हणाली. "पन जपून गं. पानी लय हाय."