चुकीच्या क्वार्टरमधली बाई

बातमी नातीनं मोबाईलवर वाचून दाखवली. "आजी, तुम्हारे लंडनवाले प्रभाकर भाऊजी नहीं रहे." मी मेथी निवडत होते. मनात पहिल्यांदा आलं ते असं, की मेल्यानं माफी मागायची राहूनच गेली... दुःख त्याच्या मागून आलं. क्रम चुकला, पण खोटं कशाला लिहू?

इंग्लंडच्या टीव्हीवर विनोदी मालिकांत वर्षानुवर्षं दिसलेले प्रभाकर आधी भिलाईत आमच्या सेक्टर २ मध्ये एकटे राहायचे, पोलादाच्या प्लांटमध्ये कारकून होते. आमची ओळख झाली ती माझ्या अकलेमुळे. एकोणीस वर्षांची, अमरावतीहून आलेली नवी नवरी मी. मॅट्रिक झाले म्हणून भिलाईत आपल्याइतकं शहाणं कोणी नाही, असं समजणारी. टाऊनशिपची क्वार्टरं सगळी एका साच्यातली, तेच दार, तीच खिडकी, तोच ओटा. सुपेल्याच्या बाजारातून भाजी घेऊन आले आणि एक लाइन आधीच वळले. दार लोटलेलं, खाटेवर नाईट शिफ्ट करून आलेले 'हे' तोंडावर चादर ओढून झोपलेले. मी स्टोव्हवर चहा ठेवला आणि समोरासमोर बोलायची जी हिंमत नव्हती, ते सगळं त्या चादरीला ऐकवू लागले. सासूबाईंपासून सुरुवात केली. शेवटी म्हणाले, "दहा महिने झाले लग्नाले. एकदा तरी मले नावानं हाक मारली का तुम्ही?"

चादरीतून आवाज आला, "वहिनी, मी प्रभाकर. तुमचं घर मागच्या लाइनीत आहे. पण चहा होऊ द्या आता."

मी रडकुंडीला आले. "कोणाले सांगू नका, भाऊजी."

"तुमचं नाव नाही निघणार, वहिनी. शब्द देतो."

पुढे ते नोकरी सोडून बहिणीकडे इंग्लंडला गेले. टीव्हीवर आधी वेटर झाले, मग एकही वाक्य नसलेला डॉक्टर, मग दुकानदार. अखेर एका मालिकेत घाबरट देशी नवऱ्याची मोठी भूमिका मिळाली, त्यातला एक भाग तर त्यांनी स्वतः लिहिला. मोठ्या अभिमानानं त्याची कॅसेट पाठवली. आम्ही अर्धा ब्लॉक जमवून पाहिली. तिथलीही घरं म्हणे ओळीनं सारखीच. बायको पिशवी घेऊन शेजारच्या घरात शिरते, सोफ्यावर झोपलेल्या गोऱ्याला झापते... आणि मग माझं वाक्य. इंग्रजीत, पण जसंच्या तसं. टीव्हीत हशा उसळला. आमच्या ह्यांनी तर मांडीवर थाप मारली. "पाहून राहिली न? किती बावळट बाई आहे ही!"

मीही हसले. न हसून सांगणार काय होते?

नंतर एका मुलाखतीत प्रभाकर म्हणाले, हा किस्सा माझ्या आईचा. त्यांची आई! पहिल्यांदा भिलाईला आली तेव्हा रिक्षावाल्यालाच रस्ता सांगत घरी पोचलेली बाई.

आमचे हे वारल्यावर प्रभाकर एकदा आमच्या रिसालीच्या घरी आले. मी कारण विचारलंच. "माझं वाक्य त्यात कावून टाकलं, भाऊजी?"

"बाकी सारं मले लिहिता आलं, वहिनी. तेवढंच सुचून नव्हतं राहिलं."

"अन् आईच्या नावावर कावून?"

"तुमचं नाव काढणार नाही, असा शब्द होता न."

असा शब्द पाळला!

मागच्या आठवड्यात त्यांच्या मुलीचा फोन आला. शोकसभेत आजीचा तो किस्सा सांगायचा होता, क्वार्टर कुठल्या सेक्टरमध्ये होतं ते तिला हवं होतं. आता लपवायचं तरी कोणापासून? म्हणाले, "बेटा, वो तेरी दादी नहीं थी. मैं थी."

पलीकडे ती खदखदून हसली. "आंटी, आप भी ना! पापा कहते थे, आप बहुत मस्करी करती हैं."

जन्मभर लोकांच्या खोड्या काढल्या की खरं बोलायची सोय राहत नाही.

सभेचा व्हिडिओ नातीनं लावून दिला. मी तीनदा पाहिला. मुलगी त्या वाक्याच्या आधी जराशी थांबते, अगदी मुलाखतीत किस्सा सांगताना प्रभाकर थांबले होते तशी, आणि मग सगळं सभागृह हसतं. बापाचं थांबणं लेकीनं बरोबर उचललं, असं मी नातीला म्हणणार होते... पण ते थांबणं बापाचं तरी कुठं होतं? चादरीसमोर मी थांबले होते. रडू गिळायला.