किवी लावलेलं हरीण

इकडे किवींच्या देशात, हॅमिल्टनच्या रोटोटुना भागातल्या आमच्या घरात कधी हरीण शिजेल असं कुणी सांगितलं असतं, तर मी त्याला वेड्यात काढलं असतं. पण शिजलं, आणि त्याबद्दल मी आजही मनापासून ऋणी आहे.

तेव्हा अण्णांना, म्हणजे माझ्या वडिलांना, साताऱ्याहून आमच्याकडे येऊन तीन महिने झाले होते. आईला जाऊन अजून वर्ष व्हायचं होतं. अण्णा जेवतच नव्हते. पानावर बसायचे, अर्धी पोळी मोडायचे आणि ‘झालं’ म्हणून उठायचे. मे महिन्यात, म्हणजे इथली थंडी सुरू होताना, त्यांनी माझ्या नवऱ्याला बाजूला घेऊन परतीचं तिकीट अलीकडचं करून मिळेल का, असं विचारलं. मला ते कळलं तेव्हा माझं डोकंच फिरलं. तिथे होतं कोण त्यांचं? रिकामा फ्लॅट, बाहेरचा डबा आणि समोर टीव्ही. असे परत गेले तर ते दिवाळी बघायचे नाहीत, या भीतीनं मला रोज सकाळी जाग यायची.

बरं, मी कशात कमी पडत होते? हातात चहा, कपड्यांच्या घड्या तयार, पाठीशी हीटर. त्यांनी स्वयंपाकघरात पाऊल टाकलं की मी म्हणायचे, अण्णा, तुम्ही बसा, ही शेगडी विजेची आहे, हात भाजेल. ते मुकाट्यानं बसायचे. ज्या माणसानं चाळीस वर्षं घरातलं मटण स्वतःच्या हातानं केलं, त्याला मी सोफ्यावर बसवून ठेवलंय, हे माझ्या ध्यानातही आलं नाही. आमच्याकडे रविवारी शेगडी अण्णांची असायची. आई वाटण करून द्यायची आणि खुशाल बाहेर पेपर वाचत बसायची. मधे कुणी बोललेलं अण्णांना खपायचं नाही.

इथे एक काम मात्र त्यांनी स्वतःहून शोधून काढलं होतं. कचऱ्याची गाडी येऊन गेली की आमचे आणि शेजाऱ्याचे डबे ते रस्त्यावरून आत आणून ठेवायचे. हा शेजारी एकटा राहायचा, सत्तरीचा, शिकारीचा नाद असलेला. एका गुरुवारी संध्याकाळी, हुडहुडी भरेल अशा थंडीत, जँडल्स, म्हणजे नुसत्या रबरी चपला, घालून तो दारात उभा राहिला. माझ्या हातात एक पिशवी देऊन म्हणाला, डबे आणणाऱ्या आजोबांसाठी. आत हरणाचा खांदा होता. कसा करायचा तेही त्यानं सांगितलं : टोमॅटो, राजमा, ‘हीप्स ऑफ’ म्हणजे ढीगभर मिरची, काळ्या चॉकलेटचा एक तुकडा, आणि तीन तास मंद आचेवर. याला तो चिली म्हणत होता. मी त्याला शनिवारी दुपारी जेवायलाच बोलावून टाकलं.

अण्णा सोफ्यावरून उठून आले. त्यांनी मांस बोटानं दाबून बघितलं आणि म्हणाले, जून आहे, कच्ची पपई लावायला हवी. मटणात राजमा घालणाऱ्या माणसाबद्दलचं त्यांचं मतही त्यांनी दिलं, ते इथे लिहिण्यासारखं नाही. हॅमिल्टनमध्ये कच्ची पपई कुठे शोधणार? ऑफिसातली एक बाई किवी लावते असं मी ऐकलं होतं, ते मी सांगितलं आणि विसरून गेले. शुक्रवारी मी ऑफिसात असताना अण्णांनी खांद्याचे तुकडे केले, घरात होत्या तेवढ्या किवी कुस्करून त्यांना चोळल्या आणि पातेलं फ्रिजमध्ये ठेवून दिलं. पपई असती तर त्यांनी चमचाभरच लावली असती. पण हे गोड फळ, त्यात कसला आलाय जोर, असा त्यांचा हिशेब.

शनिवारी सकाळी झाकण काढलं तर आत लगदा. तुकड्याला बोट लावलं की तो बोटाबरोबर निघून यायचा. अण्णांनी पातेल्यावर झाकण ठेवलं. मग हात धुऊन सोफ्यावर जाऊन बसले आणि म्हणाले, “मला आता काही जमत नाही. त्या तिकिटाचं बघा.”

माझ्या जिभेवर आलेलं होतं, ‘तरी मी म्हणत होते, तुम्ही बसा.’ माझा स्वभावच तसा आहे, तोंडात येईल ते बोलते. पण हे वाक्य तोंडात आलं आणि मला त्याची शरम वाटली. तीन महिने मी त्यांना दुसरं काय सांगत होते? मी त्यांच्यापुढे जाऊन उभी राहिले.

“अण्णा, दुपारी पाहुणा येतोय आणि मला हरीण येत नाही. उठा.”

ते उठले. आधी त्यांनी लगदा चाळणीत निथळला. मग तेल तापवलं, कांदा लाल केला आणि येताना बॅगेतून आणलेला कांदा-लसूण मसाला सढळ हातानं टाकला. या मांसाला अंगची चरबी नाही म्हणून आणखी तेल ओतलं. लगदा परतून परतून मोकळा केला, अगदी खिम्यासारखा. जाळ दिसत नाही म्हणून शेगडीला शिव्या घातल्या. टोमॅटो गेले, नाक मुरडत राजमाही गेला. चॉकलेट त्यांनी हातानं बाजूला सारलं, त्याऐवजी भाजलेलं सुकं खोबरं वाटून घातलं आणि किवीच्या आंबटपणावर गुळाचा खडा. ऑफिसात दहा माणसं माझं ऐकतात. इथे मी लसूण सोलत होते आणि हळू सोलते म्हणून बोलणी खात होते. इतकं बरं मला कित्येक महिन्यांत वाटलं नव्हतं.

शेजारी आला, पावाबरोबर एक वाडगा संपवला, कपाळाचा घाम पुसला आणि वाडगा पुढे केला. तिसऱ्यांदा वाढून घेताना त्यानं मला विचारलं की एवढा चिवट खांदा इतका मऊ केला कसा. मी तोंड उघडायच्या आत अण्णांनी त्यांच्या शाळामास्तरी इंग्रजीत सांगितलं, की हे मी केलं, याला रात्रभर किवी लावून ठेवावी लागते. आणि भरपूर लावावी, हात आखडता घेऊ नये. चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. शेजारी ‘स्वीट ॲज’, म्हणजे एकदम झकास, म्हणाला आणि मान हलवत राहिला. मी पाण्याचा ग्लास तोंडाला लावून हसू दाबलं.

तो गेल्यावर अण्णांनी पातेलं पुढे ओढलं. दोन पोळ्या खाल्ल्या, मग तळाशी चिकटलेलं पावानं पुसून घेतलं. हात धुतले आणि टॉवेल शोधत म्हणाले, “इथे मटण बरं कुठं मिळतं?”

मी सांगितलं, नदीपलीकडे एक खाटीक आहे, पण शनिवारी दुपारी बंद करतो, आज मिळायचं नाही.

“मग पुढच्या शनिवारी लवकर निघू,” ते म्हणाले.

आई गेल्यापासून ते पुढच्या कुठल्याही दिवसाबद्दल स्वतःहून बोलले नव्हते. मी बरं म्हटलं, कपडे धुवायच्या खोलीत गेले, दार लावलं आणि पोटभर रडले.