मोकळं टोक

पोंभुर्ण्याच्या शाळेत मुखरूला गणित मीच शिकवलं आणि शिष्यवृत्तीच्या अर्जावर सहीही माझीच. मनसाराम ढिवराचा हा पोरगा नागपुरात शिकून १९५१ साली अमेरिकेला गेला आणि तिथल्या विद्यापीठात गाठींच्या गणितावर संशोधन करू लागला. गाठींचं वेड त्याला बापाच्या मासे धरायच्या जाळ्यातूनच लागलेलं!

पाच वर्षांनी त्याचा छापील निबंध आला. मनसारामला अक्षर येत नव्हतं, पण गाठींची चित्रं त्याने बोट फिरवत नीट वाचली. मग म्हणाला, "गुरुजी, माहा पोरगा आता येत नाई."

"काऊन?"

"टोकं पाहा ना. दोन्ही जोडून टाकली त्यानं. मी रोज जाळ्यावरून उठतानी एक टोक मोकळं सोडतो, उद्या तिथूनच धराले. टोक बांधलं की काम खतम."

मी चिडलोच. गणितात गाठीची टोकं सगळेच जोडून घेतात, त्यात येण्या-न येण्याचा काय संबंध, असं त्याला सुनावलं. तो नुसतं "हव" म्हणाला.

पुढल्याच पत्रात मुखरूने कळवलं, तिथेच कायमची नोकरी मिळाली आहे.

अठ्ठावन्न साली मनसाराम गेला. मी मुखरूला कळवलं. दोन ओळींचं उत्तर आलं, तेही इंग्रजीत.

मनसारामचं शेवटचं जाळं मी खुंटीवरून उतरवलं. ते पुरं विणून झालं होतं. टोक मात्र त्याने बांधलं नव्हतं.