साहेबांनी याद केलंय

"साहेबांनी याद केलंय," असं हवालदारानं कानाशी येऊन म्हटलं की चाचा हातातली कानस खाली ठेवायचे, शर्टावरचा पितळेचा भुगा झटकायचे आणि दावतीला निघाल्यासारखे उठायचे.

नांदेडच्या कोर्टाजवळ आमच्या कॉम्प्लेक्सच्या जिन्याखाली ते किल्ल्या बनवत. शहरात कुलूप न तोडता घरफोडी झाली की पोलिसांना पहिली आठवण यांचीच. दिवसभर बाकावर बसवायचं, काही विचारायचं नाही आणि संध्याकाळी "उद्या या" म्हणून सोडायचं. तुमच्याही गावात असा एखादा असेलच.

मी वरच्या मजल्यावर वकिली करते. मी नुसती चिडून जायचे.

"चाचा, लेखी नोटीस मागा. तोंडी बोलावलं तर जायचं नाही."

"पोलिसाला कागद मागायचा, मॅडम? मंग त्यो म्हणंल, याच्या मनातच खोट हाय."

"म्हणू दे ना!"

"तुमाला म्हणाया काय जातंय. जिन्याखाली बसायचं मला हाय."

एकदा ते असेच बाकावर बसलेले असताना ठाण्यातल्याच एका कपाटाची किल्ली हरवली. दोन शिपाई स्क्रू ड्रायव्हरनं खटपट करत होते. चाचांना ते बघवेना. त्यांनी स्वतःहून पुढं होऊन, चहा यायच्या आत कपाट उघडून दिलं. "साहेब लई खुश झाले," असं त्यांनी मला कौतुकानं सांगितलं. मी कपाळावर हात मारून घेतला.

पुढची घरफोडी झाली तेव्हा त्याच साहेबांनी विचारलं, "आमचं कपाट चुटकीसरशी उघडलंस, मग लोकांचं घर काय अवघड?" त्या दिवशी चाचा लंगडत आले. पाय घसरला म्हणाले. पाय घसरून दोन्ही तळवे सुजलेले मी तरी कधी पाहिले नाहीत.

या वेळी त्यांच्या बायकोनंच त्यांना जिना चढवून माझ्यासमोर बसवलं. "गुमान सही करा," एवढंच ती म्हणाली. मी खंडपीठात गेले आणि आदेश आणला. लेखी नोटिशीशिवाय बोलवायचं नाही, चौकशीला वकील हजर राहील, अंगाला हात लावायचा नाही. पेढे वाटायची केवढी घाई झाली होती मला!

पोलिसांनी आदेश अगदी तंतोतंत पाळला. प्रत्येक घरफोडीला नोटीस. ती घेऊन शिपाई नेमका गिऱ्हाईक उभं असताना यायचा, मोठ्यानं वाचून दाखवायचा आणि सही घ्यायचा. आधी जे हवालदार कानात सांगत होता, ते आता अख्ख्या जिन्याला ऐकू जायचं. अशा माणसाच्या हातात आपल्या घराची किल्ली कोण देणार? माझ्या शेजारच्या वकिलांनीसुद्धा आपली किल्ली दुसरीकडून करून आणली. त्यांच्याशी मी अजून धड बोलत नाही.

मी पुन्हा अर्ज केला. नोटीस नियमाप्रमाणे आहे का, असं कोर्टानं विचारलं. होती. "मग?" या "मग"चा संताप माझ्या मनातून अजून जात नाही. चाचाच उलट मला धीर द्यायचे. "तुमी लई केलं, मॅडम. पाय तर वाचले."

मग एक दिवस जिन्याखाली कुणीच नव्हतं. निलंग्याला, बायकोच्या माहेरी गेले, असं चहावाल्याकडून कळलं.

मागच्या महिन्यात मी कामासाठी निलंग्याला गेले, तर एसटी स्टँडवर चाचा प्लास्टिकच्या चपला विकताना दिसले. मला बघून इतके हसले, की मला रडू येईल असं वाटलं. इथले पोलीस बोलावतात का, मी विचारलं.

"न्हाई. मला काय येतंय ते इथं ठावंच न्हाई कुणाला."

माझ्या बॅगेचं कुलूप सकाळपासून अडकलं होतं आणि केसचे कागद आत होते. मी सहज बॅग पुढं केली. "चाचा, बघता का जरा?"

त्यांचे हात लगेच पुढं आले. बोटं कुलपाला लागणार, तेवढ्यात त्यांनी स्टँडवर चहूकडं पाहिलं आणि दोन्ही हात पाठीमागं नेले.

"दगडानं फोडा, मॅडम," ते हळूच म्हणाले, आणि पायाजवळचा दगड पायानंच माझ्याकडं सरकवला.