मेटकरी सरांची भाकणूक

आमच्या कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवणारे प्रा. बिरदेव मेटकरी आणि कार्यालयाचा हिशेब सांभाळणारा मी, दोघेही माधवनगरला राहतो. त्यामुळे गेली कित्येक वर्षं आमचं जाणं-येणं एकाच गाडीतून होतं. पेट्रोलचा खर्च निम्मानिम्मा. बाकी आमच्यात समान असं फारसं काही नाही. मी वाणिज्य शाखेचा. माझ्या व्यवहारात पावती म्हणजे पावती. मेटकरी सरांच्या मते जगात पावतीसुद्धा कोणीतरी वाचावी लागते, आणि वाचणारा बदलला की ती थोडी बदलते.

"मग ऑडिटर काय करतो?" असं मी एकदा विचारलं होतं.

"तो सर्वांत मोठ्यानं वाचतो," सर म्हणाले.

त्यांचा आवडता विषय होता अर्थ लावण्याचं तत्त्वज्ञान, तेही अलीकडचं, म्हणजे आधुनिकतेच्याही पुढचं. एकदा शब्द बाहेर पडला की तो बोलणाऱ्याचा राहत नाही; त्याच्या मनात काय होतं हे शोधत बसणं व्यर्थ; अर्थ ऐकणारा घडवतो. वर्गात एका मुलीनं विचारलं, "सर, मग पोथीतला देव खरा, की वाचणाऱ्याच्या मनातला?" सर म्हणाले, "परीक्षेत दोन्ही बाजू लिही." हे त्यांनीच मला गाडीत सांगितलं आणि स्वतःच हसले.

सर मूळचे आटपाडीच्या पुढच्या मेटकरी वस्तीवरचे. मेंढपाळांचं घर. वस्तीवर बिरोबाचं ठाणं आहे आणि दसऱ्याला तिथं भाकणूक होते. ढोल थांबतात, मानकरी घोंगड्यावर उभा राहतो आणि देव त्याच्या तोंडून पुढच्या सालाचं दोन-चार वाक्यांत सांगतो. पाऊस, पीक, मेंढरं. हा मान मेटकरी सरांच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेला. वडील धुळाअण्णा तो सांभाळत होते. एका उन्हाळ्यात त्यांना अर्धांगवायूचा झटका आला आणि वाचाच गेली. सर एकुलते एक. वस्तीवरून निरोप आला: यंदा बिरदेवनं उभं राहावं. नाहीतर मान चुलतभाऊ भाऊसोच्या घरात जाईल, आणि एकदा गेलेला मान परत येत नाही.

सरांची झोप उडाली. देवाच्या नावानं उभं राहायचं आणि बोलायचं आपण? ही लबाडी झाली. न बोलावं, तर बापाच्या जिवंतपणी घरातला मान घालवला असं होणार. आणि धुळाअण्णांना विचारायची सोय नाही. "अण्णा, तुमी बोलायचा का देव बोलायचा?" हा प्रश्न सरांनी आयुष्यभर पुढं ढकलला होता. आता विचारला, तेव्हा अण्णांनी चालत्या निम्म्या तोंडानं नुसतं हसून दाखवलं.

सरांच्या पत्नी मंगलवहिनींना यात फार अवघड काही दिसत नव्हतं. "वर्गात पन्नास मिनिटं बोलता, तिथं तीन वाक्यं बोलायची आहेत," त्या म्हणाल्या. "तीही ऐकायला माणसं आपणहून येतात. तुमच्या वर्गात हजेरी घ्यावी लागते."

शेवटी सरांनी तोडगा काढला. कोणाचं काही बिघडणार नाही असं वाक्य आधीच तयार करून न्यायचं. दसऱ्याच्या दिवशी सोबतीला म्हणून मी गेलो. विट्याला चहासाठी थांबलो, तेव्हा सरांनी ते मला म्हणून दाखवलं: "मेघ येईल, डोंगराला टेकून बसंल. ज्वारी मध्यम. वाडग्यातली मेंढी वाडग्यात ऱ्हाईल."

वाडगं म्हणजे मेंढरं रात्री कोंडायची जागा, हे मला माहीत होतं. म्हणजे सगळं जागच्या जागी, सुखरूप. मला वाक्य पसंत पडलं. फक्त 'मध्यम' जरा उदास वाटतं, 'समाधानकारक' बरं, अशी दुरुस्ती मी सुचवली. सरांनी मानली.

ठाण्यासमोर चांगली गर्दी होती. भंडाऱ्यानं माणसं, ढोल, मोटारसायकली सगळं पिवळं झालेलं. धुळाअण्णांना बाजेवर बसवून पुढं आणलं होतं. सरांनी धोतर नेसलं, फेटा बांधला, हातात काठी घेतली. मी त्यांना ओळखलं ते चष्म्यावरून. ढोल वाढत गेले आणि एकदम थांबले. सर घोंगड्यावर उभे होते. काठी थरथरत होती. ते ठरवून होतं की भीतीनं, हे मला आजही सांगता येणार नाही. मग त्यांनी तयार केलेलं वाक्य शब्दाला शब्द म्हटलं.

"बिरोबाच्या नावानं चांगभलं!" गर्दी गरजली.

इथपर्यंत सगळं बेतल्याप्रमाणे झालं. आता त्या ठाण्याची एक रीत सांगितली पाहिजे, जी मला तोवर माहीत नव्हती. बोलून झालं की मानकऱ्यानं डोक्यावर घोंगडं घेऊन देवळाकडं तोंड करून बसायचं. वस्ती लिंबाखाली बसते आणि भाकणुकीचा अर्थ ठरवते. तो ठरून भंडारा उधळेपर्यंत मानकऱ्यानं तोंड उघडायचं नाही.

सर घोंगडं घेऊन बसले. मी लिंबाच्या सावलीला गेलो.

"समाधानकारक?" पप्पू नावाचा एक तरणा गडी म्हणाला. "देव तलाठी झाला काय रं?"

"आरं, पोरगं शिकल्यालं हाय. देव बी त्येच्यासंगं शिकला आसंल," कोणीतरी म्हणालं. मी लिंबाची पानं बघत राहिलो.

मेघाचा आणि ज्वारीचा निकाल लवकर लागला. अडलं ते मेंढीपाशी. पप्पू म्हणाला, "वाडग्यातली मेंढी म्हंजे मतदार. ग्रामपंचायत बिनविरोध हुतीया." एक म्हातारा म्हणाला, मेंढी म्हणजे घरची लक्ष्मी, सुनांनी यंदा माहेरी जायचं नाही. त्यावर बायकांच्या बाजूनं असा काही गलका झाला की म्हाताऱ्यानं तो अर्थ तिथंच सोडून दिला.

मग भाऊसो बोलला. रुंद खांद्याचा, कमी बोलणारा माणूस. "गंमत फुरं करा. सरळ हाय. मेंढी वाडग्यात ऱ्हाईल म्हंजे यंदा कुणी भाईर पडायचं न्हाई."

सगळ्यांच्या माना एकदम त्याच्याकडं वळल्या. का ते माझ्या ध्यानात यायला थोडा वेळ लागला. दसरा झाला की वस्तीवरचे कळप चाऱ्यासाठी फलटण-लोणंदच्या वाटेनं पश्चिमेला निघतात ते थेट पावसाळ्याच्या तोंडाला परत येतात. यंदा वस्तीभोवती खुरटं गवतसुद्धा उरलं नव्हतं. मेंढरं वाडग्यात राहिली म्हणजे तिथंच उपाशी मेली. सरांनी आणि मी विट्याला चहा पिताना जे सुखरूप म्हणून पसंत केलं, ते इथं बसलेल्या माणसांना मरण म्हणून ऐकू आलं होतं.

"हितं काय खायाला घालू त्यास्नी? भंडारा?" अमृत नावाचा एक कळपवाला उसळून म्हणाला.

"मी न्हाई बोललो. देव बोललाय," भाऊसो म्हणाला.

तेवढ्यात मागं घोंगडं हललं आणि मेटकरी सर उठून उभे राहिले. फेटा सुटलेला, चेहरा घामानं डबडबलेला. "तसं न्हाई! ऐका, माझं म्हणणं एवढंच हुतं की..."

"खाली बस!" गर्दीतून आवाज आला. ती रंगुबाई, सरांची आत्या. तोंडात एक दात, पण आवाज ढोलाच्या वरचा. "तुझं म्हणणं कुणी इचारलंय?"

"आत्ती, बोललोय मी. मला म्हाईत हाय त्याचा अर्थ..."

"तू बोललास? मग देव कुटं गेलता, आटपाडीच्या बाजाराला?"

हशा पिकला. सर तसेच उभे. मला त्यांची अवस्था दिसत होती. 'मी बोललो' म्हणावं, तर देवाच्या नावानं लबाडी केल्याचं सगळ्यांसमोर कबूल करणं. 'देव बोलला' म्हणावं, तर अर्थ सांगणारे हे कोण? शिवाय बोलणाऱ्याच्या मनात काय होतं ते शोधू नका, हे इतकी वर्षं दुसऱ्यांना सांगणारा माणूस आज 'माझ्या मनात काय होतं ते ऐका' म्हणून गयावया करत होता. त्यांनी अण्णांकडं पाहिलं. अण्णांनी चांगला हात उचलून जमिनीकडं दाखवला: बस.

सर बसले. घोंगडं पुन्हा डोक्यावर घेतलं.

लिंबाखाली मग जुंपली. कोणी म्हणे, भाकणूक मोडून बाहेर पडलं तर वाटेत रोग येईल. कोणी म्हणे, देव काय आपल्या जिवावर उठलाय? अमृत आणि भाऊसो एकमेकांच्या अंगावर जायच्या बेतात आले, तेव्हा रंगुबाईच मधे पडली.

"आरं, वाडगं काय दगडाचंच असतंय व्हय? मेंढरांभवती लावायची जाळी घोड्यावर टाकून आपुन न्हेतो. सांजच्याला ज्या रानात उभी केली, त्येच वाडगं. मेंढी त्यात ऱ्हाईल, म्हंजे वाटंत एक बी कोकरू जायाचं न्हाई. कसं?"

भाऊसो हसला. त्या दिवसात पहिल्यांदाच. "आत्तीला लोणंदला लेकीकडं जायाचं हाय. म्हणून वाडगं घोड्यावर चडलं."

"व्हय, जायाचं हाय. मग? देवाला माजी लेक ठावं न्हाई व्हय?"

पुन्हा हशा. पण भाऊसो सहज ऐकणारा नव्हता. "असं बघ आत्ती," तो म्हणाला, "तू म्हंतीस तसं आसंल, तर मग जाळी रोज लागली पायजे. गेल्या साली घाटाखाली कट्टाळा करून कुणी जाळी लावली न्हाई, अन् लांडग्यानं कोकरं न्हेली. कुणाची ती मी सांगत न्हाई." अमृतनं मान खाली घातली. मग जो अर्थ ठरला तो कोणाही एकाच्या सोयीचा नव्हता. बाहेर पडायचं, पण दोन-दोन कळपांनी एकत्र. दिवस मावळायच्या आत जाळी उभी. जो चुकेल त्यानं पुढच्या दसऱ्याला ठाण्यासमोर तसं सांगायचं. अमृतनं पहिल्यांदा मान डोलावली. भाऊसो म्हणाला, "मग मी अमृतच्या मागनं निगतो. त्येच्या जाळीवर नदर ठिवाय." आणि भंडाऱ्याची पहिली मूठ त्यानंच उधळली.

परतताना गाडी विट्यात शिरली. तेव्हा सर म्हणाले, "सुमंतराव, ते वाक्य माझं होतं. तुम्ही साक्षीदार आहात."

"एक शब्द माझाही होता," मी म्हणालो.

"पण जे ठरलं, ते ना माझं ना तुमचं. जाळी, घाट, लांडगा यातलं काहीच माझ्या डोक्यात नव्हतं. आज तिथं देव बोलला की नाही, मला ठाऊक नाही. मी बोललो नाही, एवढं मात्र आता छातीठोक सांगतो."

"म्हणजे तुमचंच खरं झालं की. अर्थ ऐकणारा घडवतो."

"निम्मं खरं. वर्गात मी असं सांगतो, जणू कोणीही कुठलाही अर्थ लावावा आणि घरी जावं. इथं अर्थ लावला की त्याच्यामागं मेंढरं घेऊन चालावं लागतं. पप्पूचा अर्थ का टिकला नाही? त्याच्यामागं चालता येत नव्हतं."

"आणि चालून चुकला तर?"

"तर कोकरं मरतात. म्हणून तर एवढे भांडले."

मी हिशेबी माणूस. मला वाटलं, देवाचं वाक्य एका प्राध्यापकानं चहा पिताना रचलं होतं हे त्या माणसांना कळलं असतं, तर श्रद्धेचं काय झालं असतं? तसं मी विचारलंही. "मला हीच भीती होती," सर म्हणाले. "वाक्य कुठून आलं त्यावर सगळं उभं आहे, असं मी धरून चाललो होतो. पण आत्तीनं ते विचारलंच नाही. तिनं मला फक्त गप्प बसवलं."

पुढच्या वर्षी दसऱ्याच्या आधी भाऊसो स्वतः माधवनगरला आला. मी योगायोगानं सरांकडेच होतो. कळप सुखरूप परतले होते. एकच कोकरू गेलं, तेही भाऊसोचंच, आणि त्यानं ते पाणी पितापिता सांगून टाकलं. मंगलवहिनी चहा टाकायला आत गेल्या. भाऊसोनं उपरणं गुडघ्यावर ठेवलं आणि सरळ मुद्द्यावर आला.

"बिरू, रागवू नगं. गेल्या साली तू लिवून आनलं हुतंस. मला तवाच कळलं. अण्णांचं बोलणं मी लहानपणापासनं ऐकतोय. यंदा बी लिवून आननार आसशील तर मी उभा ऱ्हातो. मानासाठी म्हनत न्हाई."

मला वाटलं, सर आता तत्त्वज्ञान काढणार. ते नुसते ओशाळं हसले.

"न्हाई आणत, भाऊसो."

"मग काय बोलशील?"

"ठावं न्हाई."

भाऊसोनं त्यांच्याकडं नीट निरखून पाहिलं. मग उपरणं झटकून खांद्यावर टाकलं. "मग तूच ये," तो म्हणाला. "आन् कायबी सुचलं न्हाई, तर कायबी न्हाई म्हनून सांग. त्येचा बी अर्थ आमी काडू."